साहित्यविडंबनपर मूकपट

साहित्यविडंबनपर मूकपट : प्रसिद्ध साहित्यकृतीचे कथानक, पात्रे, वातावरण किंवा तिचे जनमानसात रुजलेले रूप घेऊन त्याचे हास्यकारक विपर्यस्त दर्शन घडविणारे, ध्वनिपूर्व काळातील विनोदी चित्रपट. या प्रकारचे चित्रपट प्रामुख्याने इंग्लंड व अमेरिका या देशांत १९०० ते १९२७ या काळात निघाले. त्यांपैकी बहुतेक एक वा दोन रिळांचे, म्हणजे सु. दहा ते पंचवीस मिनिटांचे असत व मुख्य चित्रपटाच्या आधी दाखविले जात. व्हिक्टोरिया राणीच्या कारकीर्दीतील (१८३७–१९०१) इंग्रजी वाङ्मय हे त्यांचे एक आवडते लक्ष्य होते. रॉबर्ट लुई स्टीव्हन्सन, आर्थर कॉनन डॉइल, अँथनी होप, एलेन वुड आदींच्या कृतींवरून काढलेले असे चित्रपट हे केवळ करमणुकीचे नमुने नसून, एखादी साहित्यकृती ग्रंथाच्या पानांतून बाहेर पडून समाजाची सामाईक मालमत्ता कशी होते, याचेही ते निदर्शक आहेत.

पार्श्वभूमी : विडंबनाला दोन गोष्टींची गरज असते : एक ठसठशीत मूळ कृती आणि ती कृती ज्याला आधीच परिचित आहे असा वाचक किंवा प्रेक्षक. दुसरी अट पूर्ण झाली नाही, तर विडंबन ही निव्वळ कोलांटउडी ठरते. व्हिक्टोरियन कादंबरीच्या बाबतीत ही अट रंगभूमीने व स्वस्त आवृत्त्यांनी पूर्ण केली. एलेन वुड या लेखिकेची ‘ईस्ट लिन’ (१८६१) ही कादंबरी याचे उत्तम उदाहरण आहे. पती व मुले यांना सोडून गेलेली लेडी इझाबेल पुढे वेषांतर करून स्वतःच्याच घरी मुलांची शिक्षिका म्हणून परत येते, हे तिचे कथासूत्र. या कादंबरीची अनेक नाट्यरूपांतरे झाली आणि फिरत्या नाटकमंडळ्यांनी ती इंग्लंड-अमेरिकेतील लहानसहान गावांपर्यंत पोहोचविली. मूळ पुस्तक न वाचलेल्या माणसालाही त्यातील अश्रूंचे प्रसंग तोंडपाठ झाले.

कायद्याची परिस्थितीही या प्रसाराला अनुकूल होती. परदेशी लेखकांच्या ग्रंथांना अमेरिकेत १८९१ पर्यंत स्वामित्वहक्काचे संरक्षण नव्हते. त्यामुळे ‘ईस्ट लिन’ किंवा स्टीव्हन्सनची ‘डॉ. जेकिल अँड मिस्टर हाइड’ (१८८६) यांसारख्या कृती तेथील प्रकाशकांना, नाटककारांना आणि पुढे चित्रपटनिर्मात्यांना कोणाचीही परवानगी न घेता वापरता आल्या. पुढे ल्यू वॉलेस या अमेरिकन लेखकाच्या ‘बेन-हर’ या कादंबरीवरून विनापरवाना काढलेल्या चित्रपटाच्या खटल्यात, चित्रपट-रूपांतरानेही लेखकाच्या हक्काचा भंग होतो, असा निर्णय अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १९११ मध्ये दिला. परंतु तोवर जुन्या इंग्रजी कादंबऱ्या पडद्यावर चांगल्याच स्थिरावल्या होत्या.

मूकपटातील विडंबनाचे स्वरूप : छापील विडंबन मूळ लेखकाच्या भाषाशैलीवर उभे असते. त्याची आवडती शब्दकळा, वाक्यांची लकब, वृत्ते व प्रतिमा यांची अतिशयोक्त नक्कल करून विडंबनकार हसवितो. मूकपटाला हे साधन जवळजवळ उपलब्ध नव्हते. मधूनमधून पडद्यावर येणाऱ्या मजकुराच्या पाट्या हाच काय तो त्याचा शब्दव्यवहार. साहजिकच मूकपटाने शैलीऐवजी कथानक, अभिनयाच्या ठराविक तऱ्हा, वेशभूषा व नेपथ्य यांचे विडंबन केले. आणि या सर्व गोष्टी पुस्तकातून नव्हे, तर त्या पुस्तकावरील नाटकांतून आणि गंभीर चित्रपटांतून आलेल्या होत्या. म्हणून या चित्रपटांना साहित्याचे विडंबन म्हटले, तरी प्रत्यक्षात ते साहित्याच्या दुसऱ्या-तिसऱ्या हाती आलेल्या रूपाचे विडंबन होय, ही बाब लक्षात घेणे आवश्यक आहे.

या विडंबनाच्या काही ठराविक पद्धती दिसून येतात. पहिली, शीर्षकात व पात्रांच्या नावांत शब्दश्लेष साधणे. दुसरी, मूळ कृतीतील भीषण वा उदात्त गोष्टीला क्षुल्लक रूप देणे. तिसरी, गतकाळाच्या वातावरणात आधुनिक वस्तू व रीती घुसडून कालविपर्यास घडविणे. चौथी, पाट्यांवरील भाषेत गांभीर्याचा आव आणून लगेच त्याचा फुगा फोडणे. इंग्लंडमध्ये फ्रेड एव्हान्स (१८८९–१९५१) या विनोदी नटाने ‘पिंपल’ या नावाने या पद्धतींचा मुबलक वापर केला. १९१३ मध्ये वॉटर्लूच्या लढाईवर एक खर्चिक इंग्रजी चित्रपट निघताच त्याने त्याची खिल्ली उडविणारा लघुपट त्याच वर्षी काढला. १९१४ मध्ये त्याने ‘चार्ज ऑफ द लाइट ब्रिगेड’ हा विषय घेतला. टेनिसनच्या १८५४ मधील कवितेमुळे घोडदळाचा तो हल्ला इंग्रज शाळकरी मुलांच्याही परिचयाचा झालेला होता. भव्य प्रसंग मोजक्या माणसांनिशी व कामचलाऊ सामग्रीनिशी उभा करणे हाच एव्हान्सच्या विनोदाचा गाभा होता. निर्मितीच्या दारिद्र्यालाच त्याने विनोदाचे साधन बनविले.

शेरलॉक होम्सची विडंबने : कॉनन डॉइलचा शेरलॉक होम्स १८८७ मध्ये ‘अ स्टडी इन स्कार्लेट’ या कादंबरीत प्रथम अवतरला आणि १८९१ पासून ‘स्ट्रँड मॅगझीन’मधील कथांमुळे घरोघरी पोहोचला. पडद्यावरील त्याचे पहिले ज्ञात दर्शन विनोदीच आहे, ही उल्लेखनीय गोष्ट होय. अमेरिकन म्यूटोस्कोप अँड बायोग्राफ कंपनीच्या ‘शेरलॉक होम्स बॅफल्ड’ (१९००) या अवघ्या सु. अर्ध्या मिनिटाच्या चित्रपटात घरात शिरलेला चोर कॅमेऱ्याच्या करामतीने वारंवार अदृश्य होतो आणि जगप्रसिद्ध गुप्तहेर हतबुद्ध होऊन राहतो. दीर्घकाळ नष्ट झाला असे मानला गेलेला हा चित्रपट १९६८ मध्ये वॉशिंग्टनच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये कागदी प्रतीच्या स्वरूपात सापडला. सुरुवातीच्या काळात स्वामित्वहक्काच्या नोंदणीसाठी चित्रपट कागदावर छापून सादर करीत. त्या रिवाजामुळेच तो वाचला.

पुढे मॅक सेनेट (१८८०–१९६०) याने फ्रेड मेस या नटासमवेत होम्सच्या धर्तीच्या दोन बावळट गुप्तहेरांवर लघुपटांची मालिका काढली. ‘द मिस्टरी ऑफ द लीपिंग फिश’ (१९१६) या दोन रिळांच्या चित्रपटात डग्लस फेअरबँक्सने ‘कोक एनीडे’ या गुप्तहेराची भूमिका केली. ‘द साइन ऑफ फोर’ (१८९०) या कादंबरीत होम्स कोकेनचे इंजेक्शन घेतो, एवढा एक तपशील उचलून या चित्रपटातील नायक छातीला इंजेक्शनच्या सुयांचा पट्टा बांधूनच वावरतो. मूळ कृतीतील एखादी खूण पकडून ती हास्यास्पद टोकाला नेण्याचे हे ठळक उदाहरण आहे.

या गटातील श्रेष्ठ कृती म्हणजे बस्टर कीटनचा (१८९५–१९६६) ‘शेरलॉक ज्यूनियर’ (१९२४). यातील नायक हा चित्रपटगृहात यंत्र चालविणारा गरीब तरुण आहे. गुप्तहेर कसे व्हावे, हे शिकविणारे पुस्तक तो वाचतो व त्यातील सूचना अक्षरशः अमलात आणतो. ज्याचा संशय त्याच्या अगदी पावलावर पाऊल टाकून चालतो आणि फजीत होतो. पुढे यंत्राशेजारी त्याला झोप लागते व स्वप्नात तो पडद्यावरील चित्रपटात शिरून महान गुप्तहेर बनतो. स्वप्नातील त्याच्या सहायकाचे नाव वॉटसन नसून ‘जिलेट’ आहे. विल्यम जिलेट (१८५३–१९३७) हा १८९९ पासून रंगभूमीवर होम्सची भूमिका करणारा विख्यात अमेरिकन नट होता. विडंबनाचा रोख पुस्तकातील होम्सपेक्षा रंगमंचावरील होम्सकडे किती होता, हे या एका नावावरून स्पष्ट होते.

डॉ. जेकिलचे विडंबन : या प्रकारातील सर्वाधिक प्रातिनिधिक चित्रपट म्हणजे स्टॅन लॉरेलचा (१८९०–१९६५) ‘डॉ. पिकल अँड मिस्टर प्राइड’ (१९२५). इंग्लंडमधील अल्व्हर्स्टन येथे जन्मलेला लॉरेल फ्रेड कार्नो यांच्या विनोदी मंडळीत चार्ली चॅप्लिनबरोबर काम करीत अमेरिकेत आला. ऑलिव्हर हार्डीशी कायमची जोडी जमण्यापूर्वी त्याने विडंबनपर लघुपटांत विशेष नाव मिळविले होते. ‘मड अँड सँड’ (१९२२) हे रूडॉल्फ व्हॅलेंटिनोच्या ‘ब्लड अँड सँड’चे, तर ‘रूपर्ट ऑफ ही हॉ’ (१९२४) हे अँथनी होपच्या ‘रूपर्ट ऑफ हेंट्झॉ’ (१८९८) या कादंबरीचे विडंबन होय. होपच्या या कादंबरीवर १९२३ मध्ये व तिच्या पूर्वार्धावर, म्हणजे ‘द प्रिझनर ऑफ झेंडा’वर, १९२२ मध्ये गंभीर चित्रपट निघाले होते. लॉरेलचे विडंबन या चित्रपटांच्या पाठोपाठ आले, हा क्रम ध्यानात ठेवण्याजोगा आहे.

स्टीव्हन्सनच्या मूळ कथेत डॉ. जेकिलला प्रेयसी नाही. टॉमस रसेल सलिव्हनने केलेल्या नाट्यरूपांतरात (१८८७) ती प्रथम आली. रिचर्ड मॅन्सफील्ड या नटाने त्या नाटकात दुहेरी भूमिका करून प्रेक्षकांना थरारून सोडले. नाटकातील हा बदल चित्रपटांनीही स्वीकारला. १९२० मध्ये जॉन बॅरिमोरने पडद्यावर ही भूमिका केली. पहिल्या रूपांतराच्या प्रसंगी त्याने केवळ चेहरा व शरीर पिळवटून सज्जनाचा दुर्जन झाल्याचे दाखविले, म्हणून त्याची फार वाखाणणी झाली. लॉरेलने नेमक्या याच प्रसंगाला हात घातला. औषध पिताच तो बॅरिमोरप्रमाणे आळोखेपिळोखे देतो, पण त्यातून प्रकट होतो तो खुनी राक्षस नव्हे, तर एक खोडकर पोर. मिस्टर प्राइड लहान मुलाचे आइस्क्रीम पळवितो, बायकांच्या मागे जाऊन फुगविलेली कागदी पिशवी फोडतो. आणि अशा ‘भीषण’ गुन्ह्यांनी घाबरलेले सारे गाव त्याच्या मागे लागते.

या विनोदाला एक अंगभूत अर्थही आहे. स्टीव्हन्सनच्या हाइडचे वाचकाला कळणारे पहिले दुष्कृत्य म्हणजे रात्रीच्या वेळी रस्त्यात एका लहान मुलीला निर्दयपणे तुडवून पुढे जाणे. लॉरेलच्या चित्रपटातही दुष्टपणाचा बळी लहान मूलच आहे. फक्त क्रौर्याची जागा खोडीने घेतली आहे. प्रतिष्ठित माणसाच्या अंतरंगात दडलेला पशू हा मूळ कथेचा विषय. दडलेला पशू प्रत्यक्षात एखादे अवखळ पोरच निघावे, हे त्यावरील विडंबनकाराचे भाष्य. उत्तम विडंबन मूळ कृतीचा केवळ उपहास करीत नाही, तर तिचे एक पर्यायी वाचन सुचविते, हे येथे प्रत्ययास येते.

‘ईस्ट लिन’चे विडंबन सेनेटने ‘ईस्ट लिन विथ व्हेरिएशन्स’ (१९१९) या चित्रपटात केले. त्यात तिरळ्या डोळ्यांसाठी प्रसिद्ध असलेल्या बेन टर्पिन या नटाची भूमिका होती. ज्या प्रसंगांवर दोन पिढ्यांनी अश्रू ढाळले, त्यांवर तिसरी पिढी हसू लागली, याचा हा चित्रपट पुरावा होय. पहिल्या महायुद्धानंतरच्या प्रेक्षकाला व्हिक्टोरियन काळातील शोकविव्हल भावनाप्रधानता परकी वाटू लागली होती. विडंबनाने त्या काळाचा निरोप घेतला, पण तो ओळखीच्या व काहीशा जिव्हाळ्याच्या भावनेने.

महाराष्ट्र व मराठवाडा : महाराष्ट्रात मूकपटांचा काळ सु. वीस वर्षांचा, परंतु व्हिक्टोरियन साहित्याच्या विडंबनाची परंपरा येथील मूकपटांत निर्माण झाली नाही. याची कारणे पाहिली असता, विडंबन व सामाईक वाचन यांचे वर सांगितलेले नाते अधिक स्पष्ट होते. येथे विडंबनाची वा विनोदाची वाण होती, असे नाही. श्रीपाद कृष्ण कोल्हटकर (१८७१–१९३४) यांनी ‘सुदाम्याचे पोहे’ मधून उपहासात्मक विनोदी लेखनाचा पाया घातला. प्र. के. अत्रे (१८९८–१९६९) यांनी ‘केशवकुमार’ या नावाने लिहिलेला ‘झेंडूची फुले’ हा विडंबनकवितांचा संग्रह १९२५ मध्ये, म्हणजे ‘डॉ. पिकल’ पडद्यावर आला त्याच वर्षी, प्रसिद्ध झाला. पण हे विडंबन भाषेचे, वृत्तांचे व समकालीन कवींच्या लकबींचे होते. मुक्या पडद्यावर ते नेणे शक्य नव्हते.

व्हिक्टोरियन कादंबरी मराठीत आली ती मुख्यतः अनुवाद-रूपांतरांच्या मार्गाने. जी. डब्ल्यू. एम. रेनल्ड्झच्या कादंबऱ्यांचा मराठी वाचकांवर दीर्घकाळ पगडा होता व हरि नारायण आपटे यांची ‘मधली स्थिति’ (१८८५) हीदेखील रेनल्ड्झच्या आधाराने सुरू झाली. परंतु हा वाचकवर्ग शहरी व सुशिक्षित होता. मराठी रंगभूमीने इंग्रजीतून मुख्यत्वे शेक्सपिअर घेतला. ‘विकारविलसित’ (१८८३) व ‘झुंझारराव’ (१८९०) ही त्याची प्रसिद्ध उदाहरणे. ‘ईस्ट लिन’ किंवा ‘डॉ. जेकिल’ यांना गावोगावच्या प्रेक्षकापर्यंत नेणारा रंगभूमीचा दुवा येथे नव्हता.

मुक्या पडद्यावर सामाईक ग्रंथाचे स्थान पुराणांना मिळाले. धुंडिराज गोविंद फाळके (१८७०–१९४४) यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) पासून याच भांडवलावर चित्रपट उभा केला. विनोदासाठी त्यांनी ‘पिठाचे पंजे’ (१९१४) सारखे स्वतंत्र लघुपट काढले व ‘मोहिनी भस्मासुर’ या पौराणिक चित्रपटाला त्याची जोड दिली. पुराणकथा आणि हास्य एकाच कार्यक्रमात आले, पण एकमेकांत मिसळले नाहीत. पडद्यावरील देवदर्शनाला प्रेक्षक हात जोडीत असताना त्याचे विडंबन करणे निर्मात्याला परवडणारे नव्हते. बाबूराव पेंटर (१८९०–१९५४) यांचा ‘सावकारी पाश’ (१९२५) नारायण हरी आपटे यांच्या कथेवर आधारलेला होता, पण तो वास्तवदर्शी गंभीर चित्रपट होता.

मराठवाड्याची परिस्थिती आणखी वेगळी होती. बीड जिल्हा १९४८ पर्यंत निझामाच्या हैदराबाद संस्थानात होता. राज्यकारभाराची व उच्च शिक्षणाची भाषा उर्दू होती. १९१८ मध्ये स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठाचे माध्यमही उर्दूच होते. इंग्रजी कादंबरीचा मराठी भाषक वाचक तेथे विरळाच. या संस्थानात विनोदी मूकपटांचा एक महत्त्वाचा प्रयोग मात्र झाला. ‘बिलात फेरत’ (१९२१) या चित्रपटात विलायतेहून परतलेल्या बाबूंची थट्टा करणारे धीरेंद्रनाथ गांगुली (१८९३–१९७८) यांनी हैदराबाद येथे लोटस फिल्म कंपनी काढली व ‘द लेडी टीचर’ (१९२२), ‘द मॅरेज टॉनिक’ (१९२३) यांसारखे चित्रपट निर्माण केले. १९२४ मध्ये ‘रझिया बेगम’ हा चित्रपट दाखविल्यावरून निझामाचा रोष ओढवला व त्यांना संस्थान सोडावे लागले. गांगुलींच्या विनोदाचा विषय इंग्रजी पुस्तक नव्हते, तर इंग्रजी रीतीभातींचे अनुकरण हा होता. ज्या समाजात ग्रंथ सामाईक नसतो, तेथे उपहास ग्रंथाऐवजी समाजरीतीकडे वळतो, याचा हा नमुना होय.

तथापि परिचित कथेची थट्टा करण्याची आवड या प्रदेशाला नवी नव्हती. तमाशातील गवळणीत मथुरेच्या बाजारी निघालेल्या गौळणींना कृष्ण व त्याचा सवंगडी पेंद्या अडवितात आणि पुरुष नटाने वठविलेली मावशी त्यांना हजरजबाबी उत्तरे देते. कथा सर्वांना ठाऊक असल्यामुळेच त्यातील प्रत्येक चावट फिरकीला दाद मिळते. आद्यकवी मुकुंदराज व दासोपंत यांच्या आंबेजोगाईच्या परिसरात, कीर्तन व भारूड ऐकत वाढलेल्या श्रोत्याला पुराणकथेचे असे ज्ञान वाचनाविना मिळत असे. लँकेशरच्या खेडुताला एलेन वुडचे नाव माहीत नसतानाही ‘ईस्ट लिन’ तोंडपाठ असावी, तशीच ही गोष्ट होती. म्हणजे विडंबनाची रसिकता दोन्हीकडे होती. भेद होता तो सामाईक कथेचा. मात्र गवळणीतील थट्टा शब्द व गाणे यांवर चालते. त्यामुळे तीही मुक्या पडद्यावर येऊ शकली नाही.

ध्वनीचे आगमन व नंतरचा काळ : १९२७ नंतर अमेरिकेत व १९३१ नंतर भारतात बोलपट रुजले. इंग्रजी-अमेरिकन विडंबनपटांच्या दृष्टीने हा एका पर्वाचा शेवट होता. मराठीच्या दृष्टीने मात्र ती सुरुवात ठरली. ‘झेंडूची फुले’ लिहिणारी लेखणी मास्टर विनायक (१९०६–४७) यांच्या ‘ब्रह्मचारी’ (१९३८) व ‘ब्रँडीची बाटली’ (१९३९) या चित्रपटांतून पडद्यावर आली. शब्दाला वाचा फुटल्यावरच मराठी चित्रपटाला आपला उपहास सापडला.

जतन व मूल्यमापन : मूकपटांपैकी फार थोडे आज उपलब्ध आहेत. लायब्ररी ऑफ काँग्रेसने २०१३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासानुसार अमेरिकेत निघालेल्या सु. ११,००० दीर्घ मूकपटांपैकी जेमतेम १४ टक्के मूळ स्वरूपात शिल्लक आहेत. भारतातील सु. १,३०० मूकपटांपैकी तर अगदी मोजके, तेही बहुधा त्रुटित स्वरूपात, उरले आहेत. १९६४ मध्ये पुणे येथे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले, तोवर बहुतेक हानी होऊन गेली होती. विडंबनपटाच्या बाबतीत ही हानी दुहेरी असते. कारण मूळ व विडंबन यांपैकी एक नष्ट झाले, की दुसऱ्याचा अर्थही उणावतो. जेकिलच्या कथेवर फ्रीड्रिख मुर्नाऊ या श्रेष्ठ जर्मन दिग्दर्शकाने काढलेला ‘डेर यानुसकोप्फ’ (१९२०) हा गंभीर चित्रपट नष्ट झाला आहे, तर त्याच कथेची थट्टा करणारा लॉरेलचा लघुपट टिकून आहे. ‘शेरलॉक ज्यूनियर’ आजही सहज हसवितो, परंतु ‘जिलेट’ या नावावर हसणारा प्रेक्षक आता उरलेला नाही. विडंबनाचे आयुष्य मूळ कृतीच्या स्मृतीइतकेच असते. म्हणूनच हे हलकेफुलके लघुपट, कोणत्या काळी कोणते पुस्तक समाजाच्या खऱ्या अर्थाने ओळखीचे होते, हे सांगणारे विश्वसनीय साधन ठरतात.